४९८-अ च्या फिर्यादीत सासरच्या नातेवाइकांची नावे: गुन्हा रद्द करून घेण्याची वाट, पायरीपायरीने

हुंड्यासाठी छळाच्या फिर्यादीत नवऱ्याच्या नावामागोमाग सासू, सासरे, दीर, जाऊ आणि लग्न होऊन दुसऱ्या गावी गेलेली नणंद अशी नावे एकाच ओळीत येतात. ज्याचा खरोखर संबंध नाही, त्याचे नाव त्या ओळीतून न्यायालयाकडून काढून घेता येते. कोर्टाची पायरी कधी न चढलेल्या आणि आता एफआयआरमध्ये स्वतःचे किंवा आईवडिलांचे नाव पाहून हादरलेल्या माणसांसाठी हे लिहिले आहे.

न्यायालय 'कुटुंबा'ला निर्दोष ठरवत नाही. ते एकेका माणसाकडे पाहते आणि एकच गोष्ट विचारते: या माणसाने नेमके काय केले, असे फिर्यादीत लिहिले आहे? मोघम आरोप असेल तर गुन्हा टिकत नाही. ठोस आरोप असेल तर खटला चालतो, मग ती व्यक्ती सत्तरीची असो की आजारी. जिथे खरोखर मारहाण झाली, पैशासाठी सुनेला छळले, तिथे ही वाट बंद आहे आणि ती बंदच असायला हवी.

कलमे ओळखा

१ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली. त्याआधीच्या घटनांना भारतीय दंड संहितेचे कलम ४९८-अ लागते, नंतरच्या घटनांना नव्या संहितेचे कलम ८५. छळाची व्याख्या कलम ८६ मध्ये आहे. शिक्षा तीच, तीन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र आहे, आणि खालच्या कोर्टात तडजोड करून तो मिटवता येत नाही.

महाराष्ट्रातल्या फिर्यादींत त्याला ३२३ (मारहाण), ५०४ (अपमान), ५०६ (धमकी) आणि ३४ (सामाईक इरादा) ही कलमे बहुतेक वेळा जोडलेली असतात. नव्या संहितेत ती अनुक्रमे ११५(२), ३५२, ३५१ आणि ३(५) झाली. स्त्रीधन परत दिले नाही असा आरोप असेल तर जुने ४०६, नवे ३१६. हुंडा प्रतिबंधक कायदा, १९६१ चे कलम ३ लावले असेल तर अधिक सावध व्हा, कारण त्यात किमान ५ वर्षांची शिक्षा आहे. हुंड्याच्या नुसत्या मागणीसाठी असलेल्या कलम ४ मध्ये सहा महिने ते दोन वर्षे.

आकड्यांच्या एका गोंधळात नवखी माणसे हमखास अडकतात. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ४८२ म्हणजे उच्च न्यायालयाचा गुन्हा रद्द करण्याचा अधिकार. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ४८२ म्हणजे अटकपूर्व जामीन, आणि गुन्हा रद्द करण्याचा अधिकार कलम ५२८ मध्ये गेला. वकिलांच्या तोंडी अजून 'फोर एटी-टू' असते. कोणत्या अर्जाबद्दल बोलणे चालले आहे, हे दर वेळी विचारून घ्या.

'आम्ही हुंडा मागितलाच नाही' एवढ्यावर विसंबू नका. व्याख्येचे दोन भाग आहेत. एक, आत्महत्येस प्रवृत्त करील किंवा शरीराला, जिवाला, मनाला गंभीर इजा करील असे जाणूनबुजून केलेले वर्तन. दुसरा, बेकायदा मागणीसाठी केलेला छळ. पहिल्या भागाला मागणी लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२४ मध्ये अलुरी वेंकट रमणा प्रकरणात पुन्हा स्पष्ट केले. दोन्ही भागांना उत्तर हवे.

पहिला आठवडा: अटक आणि स्त्रीधन

सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यात पोलिसांनी सरसकट अटक करू नये, आधी अटकेची गरज तपासावी, हे सर्वोच्च न्यायालयाच्या अर्नेश कुमार निकालात २०१४ साली सांगितले गेले. तो निकाल ४९८-अ च्याच प्रकरणातला आहे. त्यामुळे आता बहुधा नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५(३) ची हजर राहण्याची नोटीस येते, जुन्या भाषेत ४१-अ ची. नोटीस आली की दिलेल्या दिवशी हजर राहा, जबाब द्या, हजेरीची नोंद झाल्याची खात्री करून घ्या. घराला कुलूप लावून नातेवाइकांकडे जाऊन बसणे हा सर्वांत वाईट सल्ला असतो. नोटिशीला प्रतिसाद दिला नाही हेच मग अटकेचे कारण होते. अटकेची खरी भीती असेल तर सत्र न्यायालयात अटकपूर्व जामिनाचा अर्ज करा, आणि तो प्रत्येकाच्या नावाने व वयानिशी असू द्या.

साठीपुढच्या माणसाला पोलिस उपअधीक्षकाच्या परवानगीशिवाय अटक होत नाही असे अनेक जण सांगतात. कलम ३५(७) मधले ते संरक्षण तीन वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यांना आहे. ४९८-अ मध्ये शिक्षा तीन वर्षांपर्यंत जाते, म्हणून त्या भरवशावर आईवडिलांना निर्धास्त करू नका.

याच आठवड्यात स्त्रीधनाचे काम उरका. सुनेचे दागिने, कपडे, भांडी, शैक्षणिक प्रमाणपत्रे, बँकेची कागदपत्रे यांची यादी करा, फोटो काढा आणि तपासी अंमलदाराला लेखी पत्र द्या की हे सामान पंचनाम्याने ताब्यात देण्यास आम्ही तयार आहोत. पत्राच्या दुसऱ्या प्रतीवर पोलिस ठाण्याचा शिक्का, तारीख आणि सही घ्या. ते सामान तिचे आहे आणि तिला मिळालेच पाहिजे. शिवाय ते दिल्याने सासू-सासऱ्यांवरच्या विश्वासघाताच्या आरोपातला जोर बराच कमी होतो. दागिने 'वाटाघाटीसाठी' अडवून ठेवणाऱ्या घरांना उच्च न्यायालयात याच मुद्द्यावर उत्तर देता येत नाही.

तपास चालू असतानाच वेगळ्या राहणाऱ्या नातेवाइकांचे पुरावे तपासी अंमलदाराकडे देऊन ठेवा. पुरावा नसल्याचे दिसले तर पोलिस दोषारोपपत्रातून ते नाव वगळू शकतात. पूर्वी याला '१६९ चा अहवाल' म्हणत, आता कलम १८९. उच्च न्यायालयापेक्षा ही वाट स्वस्त आहे, पण पक्की नाही: खटल्यात साक्षीदाराने ठोस काही सांगितले तर कलम ३५८ खाली तेच नाव पुन्हा आरोपींत येऊ शकते.

कागद कोणते आणि त्यात काय पाहायचे

एफआयआरची प्रत आधी मिळवा. ती मजकुरापासून वाचू नका. छापील रकान्यांपासून वाचा. रकाना ३ मध्ये गुन्हा कधीपासून कधीपर्यंत घडला आणि पोलिसांना खबर कधी मिळाली, ते असते. रकाना ७ मध्ये आरोपींची नावे आणि पत्ते असतात. नणंदेचा पत्ताही सासरचाच टाकला आहे का, ते इथे दिसते. रकाना ८ उशिराच्या कारणाचा. तो अनेकदा कोरा असतो. मूळ फिर्याद रकाना १२ मध्ये.

त्यानंतर पोलिसांच्या भरोसा सेल किंवा महिला तक्रार निवारण केंद्रातला पहिला तक्रार अर्ज मिळवा. महाराष्ट्रात एफआयआरच्या आधी बहुतेक वेळा तिथे अर्ज होतो, समुपदेशनाच्या तारखा पडतात आणि ते फिसकटल्यावर गुन्हा नोंदतो. पहिल्या अर्जात फक्त नवऱ्याचे नाव आणि तीन महिन्यांनी एफआयआरमध्ये सात नावे, असे असेल तर तो कागद तुमच्या अर्जातला सर्वांत वजनदार कागद ठरतो. कौटुंबिक हिंसाचाराचा अर्ज, पोटगीचा अर्ज, नोटिसांची देवाणघेवाण, घटस्फोटाची याचिका हे सगळे तारखेच्या क्रमाने लावा. चार ठिकाणी सांगितलेली हकिगत जुळते की वाढत जाते, ते यातून कळते.

वेगळे राहत असल्याचा पुरावा नुसत्या आधार कार्डावर उभा राहत नाही, कारण पत्ता बदलायचा राहून गेलेला असतो. नोंदणीकृत भाडेकरार, वीजबिल, शिधापत्रिका, मुलांच्या शाळेचा दाखला, नोकरीच्या ठिकाणचे हजेरीचे पत्र, परदेशात असाल तर पासपोर्टवरचे शिक्के असे दोन-तीन स्वतंत्र कागद एकमेकांना आधार देतात. प्रीती गुप्ता प्रकरणात २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने हेच पाहिले: तक्रार रांचीची, विवाहित नणंद गुजरातेत नवसारीला, दीर मुंबईत गोरेगावला, आणि कथित घटनेच्या जागी दोघेही कधी गेलेले नाहीत. दोघांविरुद्धची तक्रार रद्द झाली.

व्हॉट्सॲपचे संभाषण जोडायचे असेल तर नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचे प्रमाणपत्र लागते, हे जुने ६५-ब. मूळ फोन जपून ठेवा, तो बदलू किंवा रीसेट करू नका. आणि केकपुढे हसणाऱ्या सुनेचे वाढदिवसाचे फोटो जोडू नका. छळ सोसणारी बाईही फोटोत हसते. न्यायमूर्तींना हे ठाऊक असते, आणि असे फोटो अर्जाचे वजन घटवतात.

माणूसनिहाय तक्ता

सगळ्या कामाचा कणा हा तक्ता आहे. वकिलाकडे जाण्याआधी तो स्वतः करा. एक मोठा कागद घ्या. उभ्या ओळीत प्रत्येक नातेवाईक, आडव्या ओळीत पाच रकाने: कृती काय, केव्हा, कुठे, कोणासमोर, आणि त्याला दुजोरा देणारा कागद किंवा साक्षीदार कोण. फिर्यादीतले प्रत्येक वाक्य वाचून ते ज्याच्या नावाचे असेल त्याच्या ओळीत टाका. जे वाक्य कोणाच्याच नावाचे नाही, ते खाली वेगळे ठेवा.

नमुन्यादाखल असे वाक्य घ्या: 'लग्नानंतर दोन महिने चांगले नांदविले. त्यानंतर पती, सासू, सासरे, दीर, जाऊ व नणंद यांनी संगनमत करून, चारचाकी घेण्यासाठी माहेरून पाच लाख रुपये आण असे म्हणून शारीरिक व मानसिक छळ केला व उपाशीपोटी ठेवले.' तक्त्यात हे कुठे बसते? सहा माणसे आहेत, पण 'आण' हे शब्द कोणाच्या तोंडचे, ते नाही. तारीख नाही. नणंद त्या दिवशी घरात होती का, ते नाही. शारीरिक म्हणजे काय केले, तेही नाही. सहाही ओळी रिकाम्या राहतात.

आता दुसरे वाक्य: 'संक्रांतीला माहेरून परत आल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी सासूने स्वयंपाकघरात पैसे आणले का असे विचारले, नाही म्हणताच दंडाला धरून ढकलले, ओट्याचा कोपरा लागून कपाळावर जखम झाली, सरकारी दवाखान्यात दोन टाके पडले.' इथे सासूच्या ओळीतले 'कोणासमोर' सोडून बाकी चारही रकाने भरले. हे वाक्य खरे की खोटे हे उच्च न्यायालय अर्जाच्या टप्प्यावर ठरवणार नाही. ते साक्षीपुराव्यात ठरेल. सासूचा अर्ज बहुधा फेटाळला जाईल, सासरे, दीर, जाऊ आणि नणंद यांचा मंजूर होऊ शकेल.

तक्ता भरल्यावर माणसे आपोआप दोन गटांत पडतात, आणि तिथेच ठरते की कोणी अर्ज करायचा. घरातल्या सगळ्यांना एकाच अर्जात कोंबण्याचा मोह मोठा असतो. आईला वगळून भावाचा अर्ज कसा करायचा, असे वाटते. पण रिकाम्या ओळीवाल्यांचा अर्ज भरलेल्या ओळीवाल्यासोबत गेला की सुनावणीचा सगळा वेळ त्या एका जखमेवर जातो. आमचे स्पष्ट मत: नवरा आणि ज्यांच्यावर ठोस आरोप आहेत त्यांचा अर्ज वेगळा, उरलेल्यांचा वेगळा.

निकाल काय सांगतात

पाया सर्वोच्च न्यायालयाच्या भजनलाल निकालाचा: त्यात गुन्हा कधी रद्द करता येतो याचे सात प्रकार दिले आहेत. आपल्या कामाचे मुख्यतः दोन. आरोप जसेच्या तसे खरे धरले तरी गुन्हा होत नाही, हा पहिला. आणि सूड उगवण्यासाठी दुष्ट हेतूने केलेली कारवाई, हा दुसरा. पहिला भक्कम आहे. दुसरा एकट्याने क्वचित चालतो.

गीता मेहरोत्रा, २०१२: फिर्यादीत नुसता नावाचा उल्लेख पुरत नाही. कहकशां कौसर, २०२२: सरसकट, सर्वांना एकच लागू होणारे आरोप असतील तर सासरच्यांवर खटला चालवू नये, त्या अपिलात नवरा नव्हताच, नातेवाईक होते. अभिषेक विरुद्ध मध्य प्रदेश राज्य, २०२३: सुनेने २००९ मध्ये घर सोडले, तक्रार २०१३ मध्ये, सासू आणि दिरांविरुद्धचा गुन्हा रद्द. दारा लक्ष्मी नारायण, १० डिसेंबर २०२४: नवऱ्याच्या घरातल्या प्रत्येकाला गोवण्याच्या प्रवृत्तीवर कडक शब्द. त्याच निकालात न्यायालयाने हेही बजावले की खरोखर छळ सोसलेल्या स्त्रीने गप्प बसावे असा याचा अर्थ नाही.

आता न चालणारे मुद्दे. 'गुन्हा तिच्या माहेरी नोंदला, इथे अधिकारक्षेत्र नाही' हा मुद्दा रूपाली देवी निकालाने २०१९ साली संपवला. घरातून निघून माहेरी आश्रय घेतलेली स्त्री तिथेही तक्रार करू शकते. 'तीन वर्षे उलटली, मुदत संपली' हा मुद्दा तपासून मांडावा लागतो: तीन वर्षांची मुदत तक्रार देण्याच्या तारखेपर्यंत मोजतात, दखल घेण्याच्या तारखेपर्यंत नाही, आणि छळ सतत चालू असेल तर मोजणीच पुढे सरकते. 'घटस्फोटाची नोटीस पाठवली म्हणून तिने गुन्हा नोंदवला' हे मोघम आरोपांच्या जोडीला उपयोगी पडते. ठोस आरोपापुढे निष्प्रभ ठरते.

लग्न जमवणारा मध्यस्थ, शेजारी किंवा नवऱ्याची मैत्रीण आरोपी असेल तर वेगळा मुद्दा आहे. ४९८-अ 'पतीच्या नातेवाइका'ला लागते. रक्ताचे, लग्नाचे किंवा दत्तकाचे नाते नसलेल्यांना ते लागत नाही, असे यू. सुवेता प्रकरणात २००९ साली ठरले.

कोणती वाट, केव्हा

एफआयआर नोंदताच उच्च न्यायालयात धावणे नेहमी फायद्याचे नसते. तपास अपुरा असतो आणि 'तपास होऊ द्या' असे उत्तर मिळण्याची शक्यता मोठी असते. ज्याचा पुरावा लख्ख आहे, म्हणजे परदेशात राहणारी नणंद किंवा नाते नसलेला मध्यस्थ, त्याने लगेच जावे. एकाच घरात राहणाऱ्या सासू-सासऱ्यांनी बहुधा दोषारोपपत्राची वाट पाहावी, कारण त्यातले साक्षीदारांचे जबाब त्यांच्याच उपयोगाचे ठरतात: आई, वडील, भाऊ, मावशी यांचे जबाब शब्दाला शब्द सारखे आणि शेजारच्यांपैकी एकाचाही जबाब नाही, असे चित्र अनेकदा दिसते. दोषारोपपत्र दाखल झाल्यावरही गुन्हा रद्द करण्याचा अधिकार उच्च न्यायालयाकडे राहतो.

दुसरी वाट खालच्याच कोर्टात, दोषमुक्तीच्या, म्हणजे खटला चालण्याआधीच आरोपातून सुटण्याच्या अर्जाची. जुने कलम २३९, नवे २६२. नव्या संहितेत एक मुदत आली आहे: दोषारोपपत्राच्या नकला मिळाल्यापासून ६० दिवसांत हा अर्ज करायचा. 'पुढच्या तारखेला पाहू' करत ती निघून जाते. नकला मिळाल्याची तारीख रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या तारखेनिहाय नोंदीत लिहिलेली असते, ती त्याच दिवशी टिपून ठेवा. दोषमुक्तीच्या वेळी न्यायदंडाधिकारी फक्त दोषारोपपत्रातले कागद पाहतात. तुमचा भाडेकरार किंवा पासपोर्ट तिथे सहसा विचारात घेत नाहीत. उच्च न्यायालय मात्र शंकेला जागा नसलेले कागद पाहू शकते, हे राजीव थापर निकालात २०१३ साली सांगितले आहे. म्हणून बचाव स्वतःच्या कागदांवर उभा असेल तर उच्च न्यायालय, आणि फिर्यादीच्याच पोकळपणावर उभा असेल तर दोषमुक्तीचा अर्जही पुरतो. दोषमुक्ती नाकारली तर ९० दिवसांत सत्र न्यायालयात पुनरीक्षण अर्ज करता येतो.

उच्च न्यायालयातला अर्ज

पोलिस ठाणे कोणत्या जिल्ह्यात, त्यावर पीठ ठरते. विदर्भ नागपूरला, मराठवाडा, अहिल्यानगर आणि खानदेश छत्रपती संभाजीनगरला, गोवा पर्वरीला. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे आहेत. पुणे, नाशिक, ठाणे मुंबईलाच. असे अर्ज साधारणपणे दोन न्यायमूर्तींपुढे चालतात.

अर्जात प्रतिवादी दोन: पोलिस ठाण्यामार्फत राज्य शासन, आणि मूळ फिर्यादी. तिचे म्हणणे ऐकल्याशिवाय गुन्हा रद्द होत नाही. एफआयआर मराठीत असेल तर इंग्रजी भाषांतर जोडावे लागते. भाषांतर स्वतः तपासा. 'घराबाहेर काढले' याचे भाषांतर चुकून सौम्य झाले तर दुसरी बाजू लपवाछपवीचा आरोप करते. आधी नाकारलेला अटकपूर्व जामीन, आधी मागे घेतलेला अर्ज, चालू असलेली इतर प्रकरणे हे सगळे पहिल्याच पानांवर सांगा. लपवलेली गोष्ट सरकारी वकिलांच्या कागदांतून बाहेर येतेच, आणि मग चांगली बाजूही ऐकून घेतली जात नाही.

मुद्दे लिहिताना तुमचा तक्ताच परिच्छेदांत उतरवा: अर्जदार क्रमांक १ विरुद्ध काय लिहिले आहे, क्रमांक २ विरुद्ध काय. सुनेच्या चारित्र्यावर एक ओळही नको. गुन्हा रद्द करण्याशी चारित्र्याचा संबंध नसतो, आणि वकिलाने तशी ओळ घातली असेल तर ती काढायला लावा.

परदेशातल्या नातेवाइकाने शपथपत्र तिथल्या भारतीय वकिलातीत किंवा नोटरीपुढे करून, गरजेप्रमाणे अपोस्टिल (कागद खरा असल्याचा तिथल्या सरकारचा दाखला) घेऊन पाठवावे. त्यात वेळ जातो. ते आधी सुरू करा.

पैशाची अडचण असेल तर लक्षात ठेवा: विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ खाली स्त्रियांना उत्पन्नाची अट न पाहता मोफत वकील मिळतो. सासू, जाऊ, नणंद आरोपी असल्या तरी त्यांना हा हक्क आहे. जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे, उच्च न्यायालयात तिथल्या विधी सेवा समितीकडे अर्ज करायचा.

दाखल झाल्यावर

रजिस्ट्री, म्हणजे न्यायालयाचे कार्यालय, अर्जात हरकती काढते: पान अस्पष्ट, भाषांतर नाही, सही राहिली. त्या ठरलेल्या वेळेत दूर केल्या नाहीत तर अर्ज बोर्डावर येण्याआधीच निकालात निघू शकतो. दर आठवड्याला संकेतस्थळावर स्थिती पाहा. फिर्यादीला नोटीस हमदस्त, म्हणजे स्वतःच नेऊन, बजावायची परवानगी मिळाली तर ती घ्या, नाहीतर बजावणीतच महिने जातात.

अर्ज दाखल झाला म्हणजे खटल्याला स्थगिती मिळाली असे होत नाही. २०२१ च्या नीहारिका निकालात, जो महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणातला आहे, सर्वोच्च न्यायालयाने 'कठोर कारवाई नको' असे सरसकट अंतरिम आदेश देऊ नयेत असे सांगितले. म्हणून खालच्या कोर्टाची प्रत्येक तारीख पाळा. वृद्ध किंवा दूर राहणाऱ्यांसाठी गैरहजेरी माफीचा अर्ज कलम २२८ किंवा ३५५ खाली द्या. वरच्या अर्जाच्या भरवशावर तारखेला न गेल्याने वॉरंट निघाल्याची उदाहरणे भरपूर आहेत.

आणखी एक ठिकाण जिथे चांगले अर्ज अडकतात: अर्ज एफआयआरविरुद्ध केला, दरम्यान दोषारोपपत्र आले आणि खालच्या कोर्टात आर.सी.सी. क्रमांक, म्हणजे खटल्याचा क्रमांक, पडला. लगेच दुरुस्ती अर्ज देऊन दोषारोपपत्र आणि तो क्रमांक मागणीत घाला. नाहीतर सुनावणीच्या दिवशी पुढची तारीख पडते.

सुनावणी छोटी असते. खंडपीठ एफआयआर उघडून विचारते: 'यांची भूमिका कुठे आहे?' वकिलाच्या हातात पान आणि परिच्छेद क्रमांकासह तुमचा तक्ता हवा. एखाद्या अर्जदाराबाबत न्यायालय अनुकूल नाही असे दिसले तर वकील तेवढ्यापुरता अर्ज मागे घेण्याची परवानगी मागतात आणि बाकीच्यांचा मुद्दा पुढे चालतो. हा निर्णय काही मिनिटांत घ्यावा लागतो. कोणासाठी मागे घ्यायचे आणि कोणासाठी नाही, हे घरात आधीच ठरवून वकिलाला लेखी कळवून ठेवा. मागे घेताना दोषमुक्तीचा अर्ज करण्याची मोकळीक आदेशात नोंदवून घ्या.

तडजोडीने रद्द करताना

दोन्ही बाजू मिटवायला तयार असतील तर बी. एस. जोशी निकालापासून, म्हणजे २००३ पासून, उच्च न्यायालय तडजोडीवर गुन्हा रद्द करू शकते. फिर्यादीचे शपथपत्र लागते, आणि ती स्वखुशीने आली आहे याची न्यायालय खात्री करते. इथे बिघडते ते पैशाच्या क्रमात. सगळी रक्कम घटस्फोटाच्या वेळी देऊन टाकली आणि नंतर गुन्हा रद्द करायला समोरून कोणी आलेच नाही; किंवा उलट, शपथपत्र घेतले आणि रक्कम बुडवली. दोन्हींवर एकच उपाय आहे: सहमतीच्या अटींत हप्ते बांधा, शेवटचा हप्ता डिमांड ड्राफ्टने उच्च न्यायालयातच, शपथपत्राच्या वेळी द्या. अटींत प्रत्येक प्रकरणाचा क्रमांक लिहा. एखादे पोटगीचे प्रकरण यादीतून सुटले की ते पुढे चालत राहते.

आदेश हातात आल्यावर

आदेशात सगळ्या अर्जदारांची नावे, एफआयआर क्रमांक आणि आर.सी.सी. क्रमांक बरोबर आहेत का, ते त्याच दिवशी पाहा. चूक असेल तर दुरुस्तीचा अर्ज लगेच करा. प्रमाणित नकला तीन-चार काढा. एक खालच्या कोर्टात द्या आणि रोजनाम्यात नोंद होऊन तुमचे नाव कमी झाल्याची खात्री करा. एक पोलिस ठाण्यात पोहोच घेऊन द्या आणि त्यांच्या संगणकीय नोंदीत आदेश चढवण्याची लेखी विनंती करा. जामिनावेळी रक्कम भरली असेल तर ती परत मागा, हमीदाराला मोकळे करून घ्या. पासपोर्टची पडताळणी अडली असेल तर आदेशाची प्रत पासपोर्ट कार्यालयाला द्या.

नवऱ्याविरुद्धचा खटला चालूच असेल तर तो चालू राहतो, आणि सासरे किंवा दीर त्यात साक्षीदार म्हणून येऊ शकतात. कौटुंबिक हिंसाचाराचे प्रकरणही वेगळे असते. गुन्हा रद्द झाल्याने ते आपोआप संपत नाही.

अर्ज फेटाळला गेला तर सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिकेसाठी ९० दिवस असतात. खर्च पाहता, ६० दिवसांची मुदत उरली असेल तर दोषमुक्तीचा अर्ज आधी करणे बहुतेक घरांना परवडते.

दीर किंवा नणंद सरकारी नोकरीसाठी अर्ज करणार असेल तर साक्षांकन नमुन्यात 'आपणाविरुद्ध कधी गुन्हा नोंदला होता का' असा प्रश्न येतो. गुन्हा रद्द झाला असला तरी उत्तर 'होय' लिहून आदेशाची प्रत जोडा. माहिती दडवणे हे नोकरी जाण्याचे स्वतंत्र कारण ठरू शकते, हे अवतार सिंग निकालात २०१६ साली स्पष्ट झाले आहे.